पार्श्वभूमी : मुंबईच्या बॅलेमागची चित्रकाराची नजर

मुंबईतल्या बॅलेचा इतिहास सहसा नाट्यगृहांपासून सांगितला जातो. त्याचा एक धागा मात्र जे. जे. स्कूल ऑफ आर्टपर्यंत मागे जातो. पुढे नर्तक म्हणून गाजलेले उदय शंकर १९१८ च्या सुमारास या शहरात आले ते चित्रकला शिकण्यासाठी, आणि पुढे लंडनच्या रॉयल कॉलेज ऑफ आर्टमध्येही त्यांनी तोच विषय घेतला. १९२३ मध्ये रशियन बॅले नर्तकी आना पाव्हलोवासाठी त्यांनी राधा-कृष्णावरची नृत्यरचना बसवली, तेव्हा शास्त्रीय नृत्याची रीतसर तालीम त्यांच्या गाठीशी नव्हती. चौकट कशी भरायची, याची चित्रकाराला असते ती जाण होती.

युरोपात तोवर चित्रकार थेट बॅलेत उतरले होते. १९१७ मध्ये पॅरिसला झालेल्या 'पराद' या बॅलेमध्ये पिकासोने काही पात्रांवर घनवादी (क्युबिस्ट) म्हणजे भूमितीय आकारांच्या शैलीचे अवजड सांगाडेच चढवले आणि नृत्यरचनाकार मासिनला त्या ओझ्यासकट हालचाली रचाव्या लागल्या. १९४२ च्या 'अलेको' या बॅलेसाठी चित्रकार शागालने रंगवलेले चार भव्य पडदे कितीही मोहक असले, तरी अद्भुत तिथे नर्तकाच्या पाठीमागे राहते. 'पराद'मध्ये ते त्याच्या अंगावर येते, आणि माझ्या मते हीच वाट अधिक फलदायी ठरली.

मुंबईत ती वाट नृत्यरचनाकार शांती बर्धन यांनी आपल्या पद्धतीने शोधली. उदय शंकर यांच्या अलमोडा इथल्या नृत्यकेंद्रातून आलेले बर्धन १९४४ पासून अंधेरीत इप्टाच्या (इंडियन पीपल्स थिएटर असोसिएशन) मध्यवर्ती पथकाची नृत्ये बसवत होते. १९५२ मध्ये त्यांनी लिटल बॅले ट्रूप स्थापन केला आणि क्षयाने खंगलेल्या अवस्थेत 'रामायण' उभे केले. त्यात माणसेच कठपुतळ्या झाली होती. चेहऱ्यावर मुखवटा असल्याने डोळ्यांचा अभिनय संपला, आणि हात उचलायचा तोही वरून दोरी ओढल्यासारखा, झटक्याने, कोपराचा कोन न मोडता. सिंधुदुर्गातल्या पिंगुळीच्या कळसूत्री बाहुल्या पाहिलेल्या प्रेक्षकाला बाहुलीत माणूस शोधण्याची सवय असते. इथे त्याला माणसात बाहुली दिसू लागली. रावणाचा दरबार भासवायला मग फारशा नेपथ्याची गरज उरली नाही.

बर्धन १९५४ मध्ये गेले. पशुपक्ष्यांच्या चालींवर बेतलेले 'पंचतंत्र' सहकाऱ्यांनी पूर्ण केले. संस्था पुढे ग्वाल्हेरला आणि नंतर भोपाळला गेली, आणि त्यांच्या पत्नी गुल बर्धन यांच्या देखरेखीखाली 'रामायण'चे प्रयोग अनेक दशके होत राहिले.