व्यक्तिरेखाप्रधान पटकथा (मुंबई)

‘पुढे काय होणार’ यापेक्षा ‘हा माणूस असा का वागतो’ या प्रश्नावर प्रेक्षकाला धरून ठेवणारी पटकथा. कथानक असते, पण बेताचे. वळणे पात्राच्या स्वभावातून निघतात.

मुंबईत अशा लेखनापुढे पहिली अडचण जागेची. मनातले बोलायला आडोसा लागतो, आणि तोच येथे दुर्मीळ. पात्राला एकांत कुठे मिळेल, हे लेखकाला आधी शोधावे लागते. राजा ठाकूर यांच्या ‘मुंबईचा जावई’ (१९७०) या चित्रपटाचा विषयच ही अडचण होती : भरल्या घरात नवविवाहित जोडप्याला दोन घटका निवांत मिळत नाहीत. बासू चटर्जी यांनी त्यावरून हिंदीत ‘पिया का घर’ (१९७२) केला.

रितेश बत्रा यांना ‘द लंचबॉक्स’ (२०१३) डबेवाल्यांवर माहितीपट करण्याच्या विचारातून सुचला. चुकीच्या पत्त्यावर गेलेल्या डब्यातल्या चिठ्ठ्या हीच त्यातल्या दोन अनोळखी माणसांची खासगी खोली. वरच्या मजल्यावरच्या देशपांडे आंटी तर पडद्यावर येतच नाहीत. खिडकीतून खाली येणारी टोपली आणि भारती आचरेकर यांचा आवाज, एवढ्यावर ती बाई पूर्ण उभी राहते. पात्राबद्दल किती कमी सांगून भागते, याचा याहून चांगला नमुना शोधावा लागेल.

चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’मध्ये (२०१४) खटला एका लोकशाहिरावर आहे, पण पटकथा मधूनच वकिलांच्या मागोमाग त्यांच्या घरी जाते. कोर्टात कायद्याची कलमे एका सुरात वाचणारी सरकारी वकील लोकलने घरी जाते, स्वयंपाक करते, सुटीला घरच्यांसोबत मराठी नाटक बघते. ते नाटक परप्रांतीयांची टर उडवणारे, आणि प्रेक्षागृह खळखळून हसते. खटल्याच्या दृष्टीने हे प्रसंग बिनकामाचे. काटकसरीचा संकलक ते आधी कापेल. पण ते गेले तर ती बाई फक्त विरोधी पक्षाची वकील उरते. ताम्हाणे यांच्याच ‘द डिसायपल’मधला (२०२०) शास्त्रीय गायनाचा विद्यार्थी एकटा सापडतो तो रात्रीच्या रस्त्यावर, मोटारसायकलवर, कानात आपल्या गुरूंच्या गुरू माईंची ध्वनिमुद्रित व्याख्याने लावून. माईंचा आवाज सुमित्रा भावे यांचा. या चित्रपटाला व्हेनिस महोत्सवात सर्वोत्कृष्ट पटकथेचा पुरस्कार मिळाला.

संवादांत पात्रे सहसा स्वतःबद्दल बोलत नाहीत. भाजी, भाडे, गाडीची वेळ यांवर बोलतात, आणि दुखणे त्या बोलण्याच्या आडून कळते.

धंद्याच्या अंगाने ही पटकथा अवघड. निर्मात्यापुढच्या ‘नॅरेशन’मध्ये, म्हणजे पटकथेच्या तोंडी कथनात, रंगतात त्या घटना, गप्प बसलेले पात्र तोंडी ऐकवता येत नाही. ‘वन-लाइन’, म्हणजे एका ओळीत गोष्ट, मागितली की ती फारच किरकोळ वाटते. त्यामुळे असे लेखक बरेचदा दिग्दर्शनही स्वतःच करतात आणि पैसा देशाबाहेरही शोधतात. ‘द लंचबॉक्स’मागे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाबरोबर (एनएफडीसी) परदेशी निर्माते होते. मुंबईतल्या परिचारिकांवरचा, पायल कपाडिया यांनी लिहून दिग्दर्शित केलेला आणि २०२४ मध्ये कान महोत्सवात ग्रां प्री मिळवणारा ‘ऑल वी इमॅजिन ॲज लाइट’ही भारत-फ्रान्स सहनिर्मितीतूनच झाला.