सर्कशीच्या जाळीपासून पत्र्याच्या शेडपर्यंत

मे महिन्याच्या सुट्टीत सांगली-मिरजेच्या घरांतून हल्ली एक नवा हट्ट ऐकू येतो : 'जंपिंगला जायचंय.' जत्रेतला हवा भरलेला मिकी माऊस मुलांना आता पुरत नाही. पत्र्याचे उंच शेड, आत एकाला एक जोडलेल्या ट्रॅम्पोलिनच्या, म्हणजे स्प्रिंगांवर ताणलेल्या उसळत्या चादरीच्या चौकटी, मधल्या पट्ट्यांवर निळ्या-केशरी गाद्या, पायात रबरी ठिपक्यांचे मोजे आणि तासाचे तिकीट. भाच्याच्या वाढदिवसाला मी अशाच एका शेडमध्ये दीड तास बसलो होतो. तेवढ्या वेळात एक मुलगी घोटा धरून बाहेर आली आणि एकाचे दात दुसऱ्याच्या कपाळात रुतून खोक पडली. बर्फ आला, केक कापला गेला. 'खेळताना लागायचंच,' असे एक आजोबा म्हणाले आणि सगळ्यांनी माना डोलावल्या.

आपल्या भागात हे वाक्य खोटे म्हणता येत नाही. कराडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव १९५२ साली हेलसिंकीहून ऑलिंपिकचे कांस्यपदक घेऊन आले, तेव्हापासूनच नव्हे, त्याच्या कितीतरी आधीपासून सातारा-सांगलीच्या पोरांनी तालमीच्या मातीत हाडे शेकून घेतली आहेत. पण त्या मातीकडे नीट बघा. ती रोज उकरतात, तिच्यात तेल, ताक, हळद घालून ती मऊ ठेवतात आणि हौद्यात एका वेळी किती जोड सोडायचे ते वस्ताद ठरवतो. सांगलीच्या आयर्विन पुलावरून कृष्णेत उड्या टाकणारी पोरेसुद्धा खालचा बाजूला झाल्याशिवाय वरच्याला सोडत नाहीत. लागायचे ते लागतेच, पण कसे आणि किती लागू द्यायचे याची एक जुनी शिस्त असते. ट्रॅम्पोलिनलाही अशी शिस्त होती. ती वाटेत कुठे गळाली, हे पाहायचे तर आधी सर्कशीत जावे लागते.

आणि सर्कस म्हटली की सांगली जिल्हा आलाच. भारतीय सर्कशीचे जनक मानले जाणारे विष्णुपंत छत्रे मूळचे अंकलखोपचे. मुंबईत आलेली किआरिनी या इटालियन माणसाची सर्कस पाहून त्यांनी १८८० च्या सुमारास स्वतःची सर्कस उभी केली. पुढे म्हैसाळचे देवल आणि तासगाव परिसरातली मंडळी तंबू घेऊन देशोदेशी फिरली. या तंबूंत झुल्यावरच्या खेळाखाली जाळी बांधलेली असे. जाळीत पडायचेही शिकावे लागते. पाय ताठ ठेवून किंवा डोके खाली करून पडायचे नाही, पाठीवर पडायचे. खेळ संपवून झुलेवाले एकामागून एक जाळीत उतरतात आणि उसळून उभे राहतात, तेव्हा सगळ्यांत मोठी टाळी पडते, हे लहानपणी ज्याने सर्कस पाहिली त्याला आठवत असेल.

नेमकी हीच उसळी अमेरिकेतल्या आयोवा राज्यातल्या जॉर्ज निसेन या शाळकरी पोराच्या डोक्यात बसली. जिम्नॅस्टिक्स करणाऱ्या या मुलाला वाटले, जाळीतली उसळी शेवटीच का, खेळभर का नको? १९३४ साली त्याने आपले प्रशिक्षक लॅरी ग्रिसवोल्ड यांच्यासोबत लोखंडी अँगलच्या चौकटीत कॅनव्हास ताणून पहिली आधुनिक ट्रॅम्पोलिन बनवली. नाव सापडले मेक्सिकोत. १९३७ साली तिथे खेळ करत फिरताना निसेनच्या कानावर 'ट्राम्पोलिन' हा स्पॅनिश शब्द पडला. त्याचा अर्थ पाण्यात सूर मारायची फळी.

दुसऱ्या महायुद्धात अमेरिकी नौदलाने वैमानिकांच्या सरावासाठी ही चौकट वापरली. हवेत उलटेपालटे झाल्यावर वर कुठे आणि खाली कुठे याचे भान सुटू नये, हा हेतू. युद्धानंतर शाळा-कॉलेजांत खेळ रुजला, १९६४ मध्ये लंडनला पहिली जागतिक स्पर्धा झाली, २००० च्या सिडनी ऑलिंपिकमध्ये त्याला जागा मिळाली. या सगळ्या प्रवासात चौकटीवर एक माणूस असतो, तो शिकलेला असतो आणि चौकटीभोवती त्याला सावरायला लोक उभे असतात. ट्रॅम्पोलिन घडली ती या तीन गोष्टी धरून.

धंद्याने त्या तिन्ही पहिल्यांदा सोडल्या १९५९-६० मध्ये. अमेरिकेत रस्त्याकडेच्या मोकळ्या जागांत खड्डे खणून जमिनीच्या पातळीला ट्रॅम्पोलिन बसवल्या गेल्या. वेळेवर पैसे मोजायचे आणि उड्या मारायच्या. त्यांना 'जंप सेंटर' म्हणत. निसेनने १९६० मध्ये न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कात चक्क एका कांगारूबरोबर उड्या मारत फोटो काढून घेतला, तो याच लाटेतला. पण न शिकलेली माणसे, कोलांटी मारायची हौस आणि लक्ष ठेवायला जवळपास कोणी नाही, असा तो मामला होता. माना मोडल्या, पाय मोडले, दावे लागले, विमा परवडेना. दोन-तीन वर्षांत बहुतेक खड्डे बुजले. आजच्या पार्कांचा इतिहास सांगताना हे प्रकरण सहसा गाळले जाते, कारण ते जाहिरातीत बसत नाही.

मग डॉक्टर बोलू लागले. शाळांच्या व्यायामशाळांत मानेच्या मणक्याला मार बसून मुले कायमची लुळी पडल्याची प्रकरणे आली, तेव्हा अमेरिकन अकॅडमी ऑफ पेडिअ‍ॅट्रिक्स या बालरोगतज्ज्ञांच्या संस्थेने १९७७ मध्ये शाळांतून ट्रॅम्पोलिन हटवा असे म्हटले. शाळांतून ती गेली आणि घरांच्या परसात आली. १९९९ मध्ये आणि पुन्हा २०१२ मध्ये याच संस्थेने घरी मौजेसाठी ट्रॅम्पोलिन नकोच, असे स्पष्ट लिहिले. २०१२ च्या निवेदनातल्या दोन गोष्टी कोणत्याही पार्काच्या दारावर रंगवून ठेवाव्यात अशा आहेत. सुमारे तीन चतुर्थांश दुखापती एकाच चौकटीवर एकापेक्षा जास्त जण असताना होतात. आणि त्या जणांत जो सर्वांत लहान, त्याला दुखापत होण्याची शक्यता मोठ्याच्या १४ पटींपर्यंत असते.

ही १४ पट येते कुठून? चार जणांनी कोपरे धरलेल्या ताणलेल्या सतरंजीवर मूल उडवायचा खेळ अनेकांनी केला असेल. सतरंजी खाली जात असताना मूल तिच्यावर आले तर अलगद झेलले जाते. सतरंजी झटक्याने वर येत असताना आले तर तीच सतरंजी त्याला फटका मारते. ट्रॅम्पोलिनवर हेच होते, फक्त कोपऱ्यांवरच्या माणसांऐवजी कडेने स्प्रिंगा असतात. ७० किलोचे बाबा उतरले की चादर खोल दबते, त्यांच्या उडीचा जोर स्प्रिंगांत साठतो. चादर परत फिरते त्या क्षणी २० किलोची लेक तिच्यावर उतरली, तर बाबांनी साठवलेला जोर तिच्या पायात शिरतो. कधी ती तिच्या बेताबाहेर उंच फेकली जाते. मुले याला 'डबल बाउन्स' म्हणतात आणि मुद्दाम मागतात. कधी ती उडतही नाही. वर येणारी चादर जमिनीसारखी कडक होऊन तिच्या तळव्यांवर आदळते आणि गुडघ्याच्या किंचित खाली नडगीचे हाड आडवे चिरते. दोन ते पाच वर्षांच्या मुलांत हा प्रकार इतका ठरलेला आहे की अस्थिरोगतज्ज्ञ त्याला 'ट्रॅम्पोलिन फ्रॅक्चर' असेच म्हणतात. इथे मूल पडलेले नसते, कोणी ढकललेले नसते. ते आईबाबांच्या हातात हात घालून उड्या मारत असते, फोटो चाललेला असतो.

आजच्या बंदिस्त पार्काची कल्पना २००४ मध्ये लास व्हेगासला आली. स्काय झोनच्या संस्थापकांना ट्रॅम्पोलिनच्या मैदानावर खेळायचा एक नवा सांघिक खेळ काढायचा होता. खेळ काही चालला नाही, मैदान मात्र चालले. आसपासची स्केटबोर्डवाली पोरे येऊन 'आम्हाला नुसत्या उड्या मारू द्या' म्हणू लागली आणि मालकांना धंदा सापडला. पुढच्या दहा वर्षांत अमेरिका, ब्रिटन, ऑस्ट्रेलिया आणि मग आपल्याकडच्या मोठ्या शहरांतून ही लाट खाली उतरली. अमेरिकेत ट्रॅम्पोलिन पार्कांतल्या दुखापतींमुळे तातडीच्या विभागात येणाऱ्यांचा अंदाजित आकडा २०१० मध्ये ५८१ होता, २०१४ मध्ये ६,९३२ झाला. पार्कच वाढले, त्यामुळे आकडा वाढणारच, हे खरे. पण घरच्या ट्रॅम्पोलिनशी तुलना केली तर पार्कात डोक्याच्या दुखापती कमी आणि पायांच्या, सांधे निखळण्याच्या जास्त आढळल्या. रुग्णालयात दाखल करावे लागण्याचे प्रमाणही पार्कातून येणाऱ्यांत जास्त होते. घरी मूल चौकटीबाहेर पडते म्हणून आपण जाळी लावतो. पार्कात बाहेर पडायला जागाच नसते. इजा होते ती चादरीवरच किंवा दोन चौकटींमधल्या गादीच्या कडेवर, जिथे एक पाय मऊवर आणि दुसरा कडकवर उतरतो.

दुसरी धोक्याची जागा म्हणजे स्पंजच्या ठोकळ्यांचा खड्डा. दिसायला सगळ्यांत निरुपद्रवी, म्हणून मुले तिथेच डोके खाली करून सूर मारतात. ठोकळे वापराने चेपतात, तुकडे होऊन तळाला बसतात, आणि वरून भरलेला दिसणारा खड्डा खालून पोकळ होत जातो. अ‍ॅरिझोनात २०१२ मध्ये एका तरुणाचा अशा खड्ड्यात उडी मारल्यावर मान मोडून मृत्यू झाला. दोन वर्षांनी त्या राज्याने ट्रॅम्पोलिन पार्कांसाठी कायदा केला. आता बऱ्याच ठिकाणी ठोकळ्यांऐवजी हवेची मोठी गादी टाकतात. मालकांनाही ती बरी वाटते, कारण ठोकळ्यांत हरवलेले मोजे, क्लिपा आणि दुधाचे दात शोधावे लागत नाहीत.

नियम नेहमीप्रमाणे मागून आले. अमेरिकेत २०१३ मध्ये ट्रॅम्पोलिन कोर्टासाठी एएसटीएम या मानके ठरवणाऱ्या संस्थेचे मानक निघाले, ब्रिटनमध्ये २०१७ मध्ये, आणि आंतरराष्ट्रीय मानक, आयएसओ २३६५९, आले ते २०२२ मध्ये. त्यात चौकटी, गाद्या, जोडणी यांच्या मोजमापांबरोबर देखरेख आणि देखभालही आहे. म्हणजे सर्कशीतला आणि तालमीतला जो माणूस गळाला होता, तो कागदावर तरी परत आला.

आपल्याकडे अशा जागांवर वेगवेगळ्या कायद्यांचा एकेक कोपरा पडतो. सार्वजनिक करमणुकीच्या जागांवर नियंत्रणाचे अधिकार १९५१ च्या महाराष्ट्र पोलीस अधिनियमात आहेत, आगीच्या बंदोबस्तासाठी राज्याचा २००६ चा कायदा आहे. २५ मे २०२४ ला राजकोटच्या टीआरपी गेम झोनला आग लागून लहान मुलांसह २७ जण गेले, तेव्हा अशा शेडांकडे सगळ्यांचे लक्ष गेले. तिथे पत्र्याचा सांगाडा होता, वेल्डिंग चालू होते, इंधन साठवलेले होते आणि अग्निशमनाचा ना हरकत दाखला नव्हता. नंतर गुजरातने गेम झोनसाठी स्वतंत्र नियम काढले. ट्रॅम्पोलिन पार्कात स्पंज, रेक्झिन आणि फोम हे सगळेच भराभर पेटणारे. तेव्हा शेडला दुसरे दार कुठे आहे, हे मोजे घालण्याआधी पाहून ठेवायला काही हरकत नाही.

आणि तो फॉर्म. काउंटरवर मोबाइल नंबरासोबत आपण ज्यावर सही करतो, त्यात बहुधा लिहिलेले असते की इजा झाल्यास व्यवस्थापन जबाबदार नाही. अनेक पालक त्यामुळे नंतर गप्प बसतात. पण १८७२ च्या करार कायद्यानुसार सज्ञान नसलेल्याचा करार मुळात करारच ठरत नाही, त्यामुळे पोरांच्या टोळीतल्या कोणी स्वतः केलेल्या सहीला अर्थ नाही. ग्राहकाच्या हक्कांना बाधा आणणाऱ्या एकतर्फी अटींना २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्याने 'अनुचित करार' असे नाव दिले आहे. देखरेखीला कोणी नव्हते, गादी फाटकी होती, असा निष्काळजीपणा असेल तर सही केली म्हणून ग्राहक आयोगाचे दार बंद होत नाही.

इजा झालीच तर सांगलीकराला मिरज जवळ आहे, हे भाग्यच. डॉ. विल्यम वॉनलेस यांनी १८९४ मध्ये तिथे मिशनचे रुग्णालय उभे केल्यापासून कर्नाटकापासूनचे लोक उपचारासाठी मिरजेला येतात. तरी लहान मूल लंगडत घरी आले की पहिले वाक्य असते : 'मुरगळलं असेल, चोळून घेऊ.' मग हळद-तेल होते, कधी हाडवैद्याकडे फेरी होते. ट्रॅम्पोलिनच्या बाबतीत हे महागात पडू शकते. नडगीची ती चीर पहिल्या एक्स-रेत केसाएवढी दिसते किंवा दिसतच नाही, आणि मुलांच्या हाडांच्या टोकांजवळचा वाढीचा भाग चोळण्या-ओढण्याने बिघडला तर पाय वाकडा किंवा तोकडा वाढू शकतो. मूल पायावर भार देत नसेल तर डॉक्टरांना 'पडला' एवढेच सांगू नये. 'ट्रॅम्पोलिनवर होता, सोबत मोठे माणूस होते,' असे सांगावे. त्या दोन शब्दसमूहांनी डॉक्टर गुडघ्याखाली नीट बघतात.

वाढदिवस आवरल्यावर शेडमधल्या शिट्टीवाल्या पोराशी बोललो. एकोणीस-वीस वर्षांचा, तासगावकडचा. भिंतीवर 'एका चौकोनात एकच' असा फलक होता, आणि खाली त्या क्षणी एकेका चौकोनात तिघे-चौघे उडत होते. शिट्टी का मारत नाहीस, विचारले. 'मारतो की. पण रविवारी पालकच म्हणतात, पैसे भरलेत, भावंडांना एकत्र खेळू दे. मालक पण मग माझ्याकडंच बघतात.' थोडा थांबून म्हणाला, 'काका, तुम्ही मंगळवारी दुपारी आणा पोरांना. तवा चौकोन रिकामे असतात.'