ओढायची तोफ : बैलापासून एटॅग्सपर्यंत

भुसावळ यार्डात मिलिटरी स्पेशल उभी असली की प्लॅटफॉर्मवरची माणसं चहाचा कप हातात धरून तिकडंच बघत बसतात. मागं एकदा असंच झालं, सपाट वॅगनवर ताडपत्री गुंडाळलेल्या लांबलचक नळ्या, खाली मोठी रबरी चाकं, आणि शेजारचा पोरगा बापाला सांगतोय पप्पा रणगाडा रणगाडा. रणगाडा नव्हता तो. रणगाडा स्वतः पळतो, हिला ट्रकच्या मागं हुकात अडकवून न्यावं लागतं, आपल्याकडं कापसाची ट्रॉली ट्रॅक्टरला जोडतात तशीच. इंग्रजी नाव टोड हॉवित्झर, आपण ओढायची तोफ म्हणू.

हा विषय आत्ता निघायचं कारण म्हणजे २६ मार्च २०२५ ला संरक्षण मंत्रालयानं सुमारे ६९०० कोटींचा करार केला, त्यात ३०७ एटॅग्स तोफा (आपल्याकडंच डिझाइन केलेली नवी ओढायची तोफ) आणि त्या ओढायच्या गाड्या. भारत फोर्ज आणि टाटा अशा दोन कंपन्यांना काम वाटून दिलंय. तेव्हापासून ओळखीतले दोन-चार जण हेच विचारतात की जगात स्वतः पळणाऱ्या तोफा आल्या, ड्रोन आले, मग आपण अजून ओढायच्या तोफेवर एवढा पैसा का लावतोय. प्रश्न रास्त आहे, पण उत्तर द्यायचं तर बरंच मागं जावं लागतं.

आधी हॉवित्झर म्हणजे काय ते. शब्द मूळचा चेक भाषेतला, पंधराव्या शतकात तिकडच्या हुसाइट युद्धांत 'होउफनित्से' नावाच्या आखूड तोफा होत्या, त्यावरून जर्मन शब्द आला आणि पुढं इंग्रजी. साधी गन गोळा जवळपास सरळ फेकते, लांब नळी, जोरात मारा, समोरची भिंत फोडायची. उखळी तोफ म्हणजे मॉर्टर, ती गोळा पार वर उडवते आणि तो डोक्यावर येऊन पडतो. हॉवित्झर दोघींच्या मधली, हवं तर सपाट मारते, हवं तर नळी वर करून डोंगरापलीकडं टाकते.

वरून पडणाऱ्या गोळ्याची किंमत काय ते बघायला मालेगाव पुरे. १८१८ ला पेशवाई बुडाल्यावर इंग्रज खानदेश ताब्यात घेत होते (मालेगाव तेव्हा खानदेशातच धरायचे), आणि तिथल्या किल्ल्यात अरब शिबंदी, म्हणजे पगारी शिपाई, अडून बसली. मोसम नदीकाठचा भुईकोट, डोंगर नाही काही नाही, तरी इंग्रजांचा मे अखेरचा हल्ला फसला आणि माणसं भरपूर गेली. मग नगरहून जादा तोफा मागवल्या, जूनमध्ये मॉर्टर आणि हॉवित्झरनी तटावरून आत गोळे टाकायला सुरुवात केली, आणि त्यातल्या गोळ्यांनी आतलं दारूकोठारच उडालं. तटाचा एक तुकडा खंदकात आला. दोन-तीन दिवसांत किल्ला खाली झाला. म्हणजे भिंतीशी डोकं फोडून जे जमलं नाही ते भिंतीवरून उडी मारून जमलं.

पण त्या तोफा नगरहून मालेगावपर्यंत आणायच्या कशा, तर बैलांनी. इथंच सगळी गोम आहे. १७६० ला भाऊसाहेबांची फौज उत्तरेला निघाली तीही बऱ्हाणपूरवरूनच पुढं गेली, सोबत इब्राहिमखान गारद्याचा तोफखाना, आणि पानिपतावर ज्या तोफांनी सकाळी धुमाकूळ घातला त्याच तोफा वाटेत फौजेच्या पायातली बेडी होत्या. उन्हाळ्यात पाणी नाही, पावसात काळ्या मातीत चाक रुतलं की संपलं. कपाशीच्या वावरात जुलैमध्ये बैलगाडी घालून बघा म्हणजे कळेल. जाता जाता, आपण आज क्रिकेटच्या बोलरला गोलंदाज म्हणतो ना, तो शब्दच मुळात तोफ डागणाऱ्याचा. भारतीय तोफखाना आपला वाढदिवस २८ सप्टेंबरला धरतो कारण १८२७ ला त्या दिवशी बॉम्बे माउंटन बॅटरी उभी राहिली, डोंगरातली तोफ, म्हणजे सुटे भाग करून जनावराच्या पाठीवर लादायची. ही खेचराची पद्धत स्वातंत्र्यानंतरही चालूच राहिली, आपण देशात बनवलेली ७५ मिलिमीटरची पॅक हॉवित्झर तशीच होती, खोलायची, खेचरांवर टाकायची, वर जाऊन परत जोडायची.

आमच्या गल्लीत एक रिटायर्ड हवालदार आहेत, तोफखान्यातले, मूळ अमळनेरकडचे, सगळे त्यांना आप्पा म्हणतात. त्यांचं एक वाक्य ठरलेलं, "भो, गोळा सोडनं सोपं शे, तोफ वर लई जानं तेच खरं काम शे." म्हणजे तोफ वर घेऊन जाणं हेच खरं काम. बाकी युद्धाबद्दल ते फार बोलत नाहीत पण घाटातल्या वळणावर तोफ मागं घेताना किती वेळ लागतो यावर तासभर बोलतील.

आधुनिक ओढायची तोफ खऱ्या अर्थानं १८९७ ला सुरू झाली. त्याआधी बार उडाला की अख्खी तोफ मागं फेकली जायची, मग माणसांनी ढकलत परत जागेवर आणायची, परत नेम धरायचा. फ्रेंचांनी त्या साली ७५ मिलिमीटरची तोफ काढली, तिची नळी एका पाळण्यावर सरकते, मागं येताना तेल बारीक भोकातून दाबलं जातं आणि धक्का खातं, दाबलेली हवा नळीला परत पुढं ढकलते. बुलेट मोटारसायकलच्या शॉकअपसारखंच समजा. गाडा जागचा हलत नाही म्हणून नेम बिघडत नाही म्हणून मिनिटाला पंधराच्या आसपास गोळे. आजच्या सगळ्या तोफा तिच्याच पोरीबाळी. बाकी शरीररचना साधी आहे, मागं दोन लांब पाय, प्रवासात जुळलेले आणि मारा करताना फाकवलेले, पायांच्या टोकाला जमिनीत रुतणारं फावडं, मध्ये चाकं, वर पाळणा आणि नळी.

आणि ते १५५/३९, १५५/५२ काय असतं हे बरेच जण विचारतात. १५५ म्हणजे नळीचं तोंड मिलिमीटरमध्ये. ५२ म्हणजे त्या तोंडाच्या बावन्न पट नळीची लांबी, म्हणजे आठ मीटरच्या थोडं वर. ३९ वाली साधारण सहा मीटर. नळी जितकी लांब तितका वेळ गॅस गोळ्याला ढकलतो, म्हणून वेग जास्त, म्हणून पल्ला जास्त, आणि म्हणूनच वजनही जास्त. गोळा एकेक ४३ ते ४५ किलोचा, गव्हाच्या कट्ट्यापेक्षा जरा कमी, आणि तो पोरं रात्रभर उचलत राहतात.

स्वातंत्र्यानंतर आपल्याकडं इंग्रजांची २५ पौंडी होती, ती ४७ पासून ७१ पर्यंत सगळ्या लढायांत दिसते, आणि प्रजासत्ताक दिनाच्या एकवीस तोफांच्या सलामीत तर २०२३ ला भारतीय बनावटीच्या १०५ मिलिमीटरनी तिची जागा घेतली, एवढं आयुष्य. मधल्या काळात रशियाची १३० मिलिमीटर आली, २७ किलोमीटर मारणारी, पण ती गन, डोंगराच्या पाठीमागं गोळा टाकायला तितकी सोयीची नाही.

म्हणून बोफोर्स. मार्च १९८६ ला स्वीडनच्या बोफोर्स कंपनीशी ४१० तोफांचा करार झाला, १४३७ कोटींचा, १५५/३९. एप्रिल १९८७ ला स्वीडिश रेडिओनं लाच दिल्याची बातमी फोडली आणि पुढचं सगळ्यांना पाठ आहे, १९८९ ची निवडणूक त्यावरच गाजली, खेड्यापाड्यात पोरंटोरं बोफोर्स बोफोर्स करायची आणि ती तोफ आहे हेही कित्येकांना माहीत नसायचं. तोफ म्हणून मात्र ती भारी होती. तिला स्वतःचं छोटं इंजिन, ट्रकमधून सोडली की थोडं अंतर आपली आपण सरकते, तेरा-पंधरा सेकंदांत तीन गोळे टाकते आणि शत्रूचा उलटा मारा यायच्या आत जागा बदलते.

१९९९ च्या कारगिलमध्ये याचा पुरावा मिळाला. द्रासच्या रस्त्यावर तोफा उभ्या करून समोरच्या शिखरावरच्या बंकरवर थेट नेम, हे हॉवित्झरचं पुस्तकातलं कामच नाही, पण केलं. आणि उंचीचा फायदा असा की तिथं हवा विरळ, गोळ्याला अडवणारं कमी, त्यामुळं खाली २४ किलोमीटरच्या आसपास जाणारा गोळा तिथं तिशीच्या पुढं जायचा. गणित मात्र सगळं नव्यानं करावं लागलं, कारण खालच्या हवेचे तक्ते वर चालत नाहीत. त्या युद्धात सगळ्या तोफा, मॉर्टर आणि रॉकेट मिळून अडीच लाखांच्या घरात मारा झाला असं सांगतात, टायगर हिल घेतलं त्या दिवशी एकट्या नऊ हजार. द्रासमधल्या पॉइंट ५१४० ला २०२२ ला 'गन हिल' नाव दिलं ते या तोफखान्यासाठीच.

आणि आता माझ्या मते या सगळ्या गोष्टीतला सगळ्यात वाईट भाग. बोफोर्सनंतर जवळपास तीस वर्षं आपल्या सैन्यात एकही नवी १५५ ची ओढायची तोफ आली नाही. आरोप ६४ कोटींच्या लाचेचा, त्याचं कोर्टात काय व्हायचं ते झालं, पण त्या धसक्यानं जो उठेल तो फाइलवर सही करायला घाबरायला लागला. टेंडर निघायचं, चाचण्या व्हायच्या, मग कुठली कंपनी काळ्या यादीत किंवा एकच कंपनी उरली म्हणून रद्द, परत पहिल्यापासून. १९९९ ला सैन्यानं मोठा आराखडा केला, तीन हजारांच्या घरात तोफा, त्यातल्या १५८० ओढायच्या, आणि तो कागदावरच पडून राहिला. गंमत म्हणजे बोफोर्सच्या करारातच तोफ इथं बनवायची हजारो पानांची कागदपत्रं मिळाली होती, ती कपाटात.

शेवटी तीच कागदपत्रं काढून जबलपूरच्या गन कॅरेज फॅक्टरीनं धनुष बनवली, नळी ३९ ऐवजी ४५, पल्ला ३८ किलोमीटर. मध्येच तिच्या बेअरिंगवरून वाद, जर्मन सांगून चिनी माल पुरवल्याचा गुन्हा सीबीआयनं २०१७ ला नोंदवला. पहिल्या सहा तोफा एप्रिल २०१९ ला सैन्याला दिल्या, ऑर्डर ११४ ची. जबलपूरवरून देवळालीच्या तोफखाना शाळेत रेल्वेनं काही न्यायचं तर इटारसी-भुसावळ-मनमाड हाच सरळ रस्ता, त्यामुळं ताडपत्रीखाली काय असेल याचा अंदाज आपण भुसावळकर बसून लावू शकतो. देवळाली तशी आपल्याला लांब नाहीच, भुसावळ-देवळाली पॅसेंजरनं किती जणांनी आयुष्य काढलंय.

त्याच देवळालीत नोव्हेंबर २०१८ ला दोन तोफा एकाच दिवशी सैन्यात दाखल झाल्या आणि त्या दोघी शेजारी ठेवल्या की मघाच्या प्रश्नाचं उत्तर निम्मं मिळतं. एक के-९ वज्र, साखळीवर पळणारी, चिलखत घातलेली, सुमारे ४७ टन. एल अँड टीनं हजिऱ्याला बनवलेली, म्हणजे आपली तापी जिथं समुद्राला मिळते तिथं. दुसरी अमेरिकेकडून घेतलेली एम-७७७, अशा १४५ घेतल्या, टायटॅनियम वापरल्यामुळं वजन फक्त ४२०० किलोच्या आसपास, साधारण अडीच बोलेरो. तोफ तीच, १५५ ची. पण एक सपाट वाळवंटात धावायला आणि दुसरी चिनूक हेलिकॉप्टरच्या पोटाखाली लटकवून अरुणाचलच्या डोंगरावर ठेवायला. जिथं रस्ता एका ट्रकचा आणि पुलावरून ४७ टन जाईल की नाही ही शंका, तिथं ओढायचीच तोफ लागते. शिवाय ती स्वस्त, दुरुस्ती सोपी, ओढणारा ट्रक बंद पडला तर दुसरा लावायचा, वज्रचं इंजिन बसलं तर तोफही बसली.

उरलेलं अर्धं उत्तर मात्र ओढायच्या तोफेच्या बाजूनं नाही, हेही सांगायला पाहिजे. युक्रेनमध्ये २०२२ पासून एम-७७७ गेल्या, सुरुवातीला त्यांचं फार कौतुक झालं, नेम अचूक म्हणून. मग आकाश ड्रोननं भरलं. गोळा सुटला की रडार त्याची वाट मागं मोजून तोफ कुठं आहे ते सांगतं, आणि ओढायची तोफ पाय मिटवून ट्रकला जोडून निघेपर्यंत मिनिटं जातात, मिनिटं म्हणजे तिथं खूप झाली. म्हणून तिकडं आता तोफ झाडीत नाहीतर खड्ड्यात लपवून, जाळी टाकून वापरतात. आपल्या सैन्यानंही हे बघितलंय, वज्र आणखी शंभर मागवल्या आहेत आणि ट्रकवर बसवलेल्या तोफांचाही विचार आहेच.

एटॅग्सचं डिझाइन पुण्याच्या एआरडीईचं, म्हणजे डीआरडीओच्या शस्त्रं बनवणाऱ्या प्रयोगशाळेचं, काम २०१३ ला सुरू झालं. नळी ५२ ची, दारू भरायची खोली २५ लिटरची, बाकीच्यांकडं २३ ची असते, म्हणूनच चाचणीत गोळा ४८ किलोमीटरपर्यंत गेला. नळी फिरवणं, गोळा आत ढकलणं सगळं विजेवर, आणि बोफोर्ससारखं स्वतः सरकायचं इंजिनही आहे. २०२२ च्या पंधरा ऑगस्टला लाल किल्ल्यावर सलामीत हीही वाजली. वजन मात्र अठरा टनांच्या घरात, सैन्याची सुरुवातीपासून तक्रार तीच होती आणि मला तरी ती खरी वाटते, कारण पंजाब-राजस्थानात चालेल पण लडाखच्या वळणांवर अठरा टन म्हणजे अठरा टनच.

कराराची बातमी आली त्या दिवशी मी आप्पांना मोबाइलवर दाखवली. ४८ किलोमीटर म्हटलं तरी ते काही बोलले नाहीत. चष्मा वर करून फोटोत तोफेच्या पुढं जोडलेला सहा चाकी ट्रक बोटांनी मोठा करून बघितला आणि म्हणाले, "याले मागे घेता येस का?"