गास्टचा शाळा सोडल्याचा दाखला

“मामा, आत्ता मध्ये बोलू नकोस. गास्ट पोर्टलपाशी आलाय.”

एवढं बजावून भाच्याने माझ्याकडे पाठ फिरवली, ती पुढची वीस मिनिटं. स्क्रीनवर एक पांढरं, फुगलेलं, रडक्या चेहऱ्याचं धूड तरंगत होतं आणि आगीचे गोळे थुंकत होतं. हा पठ्ठ्या मासे धरायच्या गळाने त्याला जांभळ्या पडद्याकडे ओढत होता.

ज्यांच्या घरी शाळकरी मूल नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. खेळाचं नाव माइनक्राफ्ट. स्वीडनमधल्या मोजांग कंपनीने २०११ साली पूर्ण स्वरूपात आणलेला, ठोकळ्यांच्या दुनियेचा खेळ. त्यात तीन जगं आहेत. डोंगर-नद्यांचं, गाईगुरांचं आणि रात्री झोंबी फिरणारं ओव्हरवर्ल्ड, लाव्हाने भरलेलं नेदर, आणि काळंभोर एंड. ओव्हरवर्ल्ड आणि नेदर यांच्यात ये-जा करायची तर ऑब्सिडियनची, म्हणजे ज्वालामुखी काचेची, चौकट उभारून आत आग पेटवायची. चौकटीत जांभळा पडदा चढतो, हेच पोर्टल. त्यातून खेळाडू जातो, तसे शत्रूही जातात. गास्ट हा नेदरचा रहिवासी. त्याला तिथून सोडवून सुखरूप ओव्हरवर्ल्डमध्ये आणायचं आणि मग ठार मारायचं, यासाठी खेळात एक मानाचा शिक्का आहे, ‘अनईझी अलायन्स’ नावाचा. कामही सोपं नाही. गास्ट चार ठोकळे लांब, चार रुंद, चार उंच. नेहमीच्या दोन बाय तीनच्या दारात तो मावत नाही, दार मोठं बांधावं लागतं. त्यात त्याचाच गोळा पडद्यावर फुटला की पडदा विझतो आणि पुन्हा पेटवत बसा.

दहाव्या की बाराव्या खेपेला गास्ट एकदाचा पडद्याला टेकला आणि दिसेनासा झाला. भाच्याने मुठी आवळून आरोळी ठोकली. मग माझ्याकडे वळून विचारलं, “मामा, पण जाताना मधल्या वेळात तो असतो कुठे?”

त्याच्या मनात बोगदा होता. इकडून शिरायचं, थोडा वेळ अंधार, तिकडून बाहेर. खंडाळ्याच्या घाटात लहानपणी आपण मोजायचो तसलाच. मोठी माणसंही पोर्टल म्हटलं की बोगदाच डोळ्यांपुढे आणतात. खरं उत्तर असं की गास्ट मधल्या वेळात कुठेच नसतो, कारण तो जातच नाही. तिकडे दुसरा गास्ट तयार होतो आणि इकडचा पुसला जातो.

माझा जीव या ‘तयार होतो’वर आहे, म्हणून इथे जरा रेंगाळतो. पुढचं सगळं खेळाच्या जावा आवृत्तीबद्दल आहे. मोबाइलवरची बेडरॉक आवृत्ती वेगळ्या भाषेत लिहिलेली आहे, तिचे बारकावे वेगळे.

संगणकाच्या स्मृतीत चालू खेळातला गास्ट म्हणजे एक गुंतागुंतीची वस्तू. तिच्यात आकडे असतात, आणि इतर वस्तूंकडे दाखवणारे बाणही असतात. मी कुठल्या जगात आहे, माझ्या नजरेत आत्ता कोण आहे, कुठल्या वाटेने चाललोय, हे सगळं त्या बाणांनी ठरतं. अशी वस्तू जशीच्या तशी उचलून दुसऱ्या जगात ठेवता येत नाही, कारण तिचे निम्मे बाण जुन्या जगात रुतलेले असतात. मग खेळ काय करतो? त्या वस्तूची एक सपाट यादी लिहून काढतो. जीव किती उरला, कुठल्या दिशेने किती वेगाने चालला होता, अंगाला आग लागली होती का, नाव ठेवलंय का, आणि १२८ बिटांचा ओळख क्रमांक. याला सिरियलायझेशन म्हणतात. पलीकडच्या जगात त्याच जातीचा एक कोरा प्राणी बनवला जातो, यादीतल्या नोंदी त्याच्यात भरल्या जातात आणि जुना रद्द होतो.

म्हणजे शाळा सोडल्याचा दाखलाच. नाव, जन्मतारीख, इयत्ता, ‘वर्तणूक चांगली’. दाखल्यावर आहे तेवढं नव्या शाळेत पोचतं. बाकावर शेजारी कोण बसायचं आणि मधल्या सुट्टीत कोणाशी मारामारी अर्धी राहिली होती, ते दाखल्यावर नसतं. नव्या हेडमास्तरांच्या लेखी ते घडलेलंच नसतं.

आता गंमत बघा. एखादा झोंबी तुमच्या पाठलागावर आहे. तुम्ही पोर्टलमध्ये शिरलात, मागोमाग तोही आला. तो कोणाच्या मागे लागलाय ही नोंद त्याच्या यादीत नाही. नव्या जगात डोळे उघडतो तेव्हा त्याला तुम्ही आठवत नाही, जवळपास दिसलात तर नव्याने मागे लागेल. याउलट झोंबिफाइड पिग्लिन. पिग्लिन म्हणजे नेदरमधला डुकरासारखा प्राणी, आणि झोंबिफाइड म्हणजे त्याचाच सडून झोंबी झालेला अवतार. याला एकदा डिवचलंत की कोणावर चिडलो आणि राग अजून किती वेळ शिल्लक आहे, हे यादीत लिहिलं जातं. तो राग दाखल्यासकट बरोबर घेऊन येतो! दोघांतला फरक स्वभावाचा नाही. एका ओळीची नोंद कोणीतरी लिहिली, एका ठिकाणी लिहिली नाही, एवढाच.

साधा पिग्लिन तर त्याहून मजेदार. तो नेदरबाहेर १५ सेकंद राहिला की सडून झोंबिफाइड होतो. खेळ सेकंदाला २० टिक मोजतो, म्हणजे ३०० टिक. बाहेर किती टिक काढले हा आकडा यादीत असतो. बाहेर आणलेला पिग्लिन १४ सेकंदांनी परत नेदरमध्ये ढकललात तर आकडा शून्यावर येतो आणि तो वाचतो. त्यातही एक ग्यानबाची मेख आहे. पोर्टलमधून नुकत्याच आलेल्या प्राण्याला तेवढेच ३०० टिक परतीची बंदी असते, आणि बंदी असताना तो पडद्यातच उभा राहिला तर मोजणी पुन्हा पहिल्यापासून सुरू होते. त्यामुळे बरेच पिग्लिन सडतातच.

दाखल्यावरचा पत्ता मात्र मुद्दाम बदलला जातो. नेदरमधला एक ठोकळा म्हणजे ओव्हरवर्ल्डमधले आठ. नेदरमधून बाहेर येताना आडव्या अंतराचे दोन्ही आकडे आठाने गुणले जातात, उंची तशीच राहते. आलेल्या जागेभोवती १२८ ठोकळ्यांच्या टापूत आधीचं पोर्टल सापडलं तर प्राणी त्यातून बाहेर पडतो. उलट दिशेने आठाने भागायचं आणि फक्त १६ ठोकळ्यांत शोधायचं. दोन मित्रांनी ओव्हरवर्ल्डमध्ये शेजारी शेजारी बांधलेली पोर्टलं नेदरमध्ये एकाच दारात उघडतात आणि ‘तुझा गास्ट माझ्या घरात’ अशी भांडणं होतात ती यामुळे.

खेळाडूचं काय? तो सहसा या रद्द-नवीन भानगडीत पडत नाही. तीच वस्तू एका जगाच्या पटावरून काढून दुसऱ्याच्या पटावर घेतात. एंडमधून घरी परतताना मात्र खेळाडूचीही नवी वस्तू बनते आणि जुन्याचं सामानसुमान तिच्याकडे सोपवलं जातं. हे सांगितल्यावर भाचा जरा गंभीर झाला.

आता या कारभारातली खरी नाजूक जागा. स्मृतीत हे सगळं एका टिकमध्ये, म्हणजे सेकंदाच्या विसाव्या भागात, उरकतं. डिस्कवर मात्र तिन्ही जगांच्या फायली वेगवेगळ्या आहेत आणि त्या एकाच क्षणी लिहिल्या जात नाहीत. समजा ओव्हरवर्ल्डच्या फायलीत नवा गास्ट लिहिला गेला, नेदरच्या फायलीतला जुना अजून खोडायचाय, आणि नेमकी वीज गेली. पुन्हा सुरू केल्यावर दोन गास्ट, एकाच ओळख क्रमांकाचे. एकाच जगात एकाच क्रमांकाचे दोघे आले तर खेळ दुसऱ्याला आत घेत नाही, पण ही तपासणी प्रत्येक जगापुरतीच आहे. क्रम उलटा झाला तर गास्ट दोन्हीकडून गायब. पहिल्या प्रकाराला मुलं ‘ड्यूप’ म्हणतात आणि हिऱ्यांच्या पेट्या दुप्पट करायला असल्या फटी शोधत बसतात.

हीच अडचण बँकांची. एका खात्यातून पैसे वजा झाले आणि दुसऱ्यात जमा व्हायच्या आत यंत्रणा बंद पडली तर? फोनवरून पैसे पाठवताना ‘कापले गेले पण पोचले नाहीत’ हा घाम आपल्यातल्या पुष्कळांना फुटलेला आहे. जिम ग्रे या संगणकतज्ज्ञाने यावर मोठं काम केलं आणि १९९८ साली त्याला ट्युरिंग पुरस्कार मिळाला. युक्ती ऐकायला साधी आहे. काय करणार आहोत ते आधी एका नोंदवहीत कायमचं लिहा, मग करा. मध्येच यंत्रणा कोसळली तर उठल्यावर नोंदवही वाचा आणि काम पूर्ण तरी करा नाहीतर पूर्ण मागे तरी घ्या. अर्धवट अवस्था शिल्लक ठेवायची नाही. गास्टसाठी एवढा खटाटोप कोणी केलेला नाही, आणि ते योग्यच आहे.

इथे भाच्याने मोबाइलवर फिरणारा एक व्हिडिओ काढून दाखवला. ‘शास्त्रज्ञांनी टेलिपोर्टेशन करून दाखवलं, आता माणसाची पाळी!’ त्यात खऱ्याचा अंश आहे. क्वांटम टेलिपोर्टेशनची कल्पना १९९३ साली मांडली गेली, १९९७ मध्ये ऑस्ट्रियातल्या इन्सब्रुकला भौतिकशास्त्रज्ञ त्सायलिंगर यांच्या गटाने फोटॉनवर, म्हणजे प्रकाशाच्या कणांवर, ते करून दाखवलं, आणि २०१७ मध्ये चिनी उपग्रह मिशियसने ते १४०० किलोमीटरपर्यंत नेलं. पण त्यात जाते ती एका कणाची अवस्था, कण नाही. शिवाय साध्या मार्गाने, रेडिओ किंवा तारेने, काही आकडे पाठवल्याशिवाय पलीकडे काहीच उभं राहत नाही, त्यामुळे प्रकाशापेक्षा वेगाने जाण्याचा प्रश्नच नाही. माणसात अणू असतात ७ वर २७ शून्यं एवढे. पाळी येऊ द्या.

तरीही ही तुलना मला आवडते, कारण फरक नेमक्या हव्या त्या जागी आहे. मोजांगच्या प्रोग्रॅमरने आधी नक्कल काढली आणि मग मूळ खोडलं. खोडलं नसतं तरी चाललं असतं, ती त्याची मर्जी. निसर्ग ही मुभा देत नाही. अज्ञात क्वांटम अवस्थेची नक्कल काढताच येत नाही, हे १९८२ साली गणिताने सिद्ध झालं. मूळ अवस्था मोडल्याशिवाय पलीकडे ती उभी राहत नाही. क्वांटम जगात ड्यूप नाही.

जाता जाता हेरोब्राइनबद्दल. पांढऱ्या डोळ्यांचा हा माणूस खेळात अचानक दिसतो आणि नेदरमधून मागे मागे येतो, असं भाच्याचा एक मित्र शपथेवर सांगतो. ही वावडी २०१० सालची. खेळात असलं पात्र कधी नव्हतंच. मोजांगवाले गंमत म्हणून नव्या आवृत्तीच्या बदलांच्या यादीत ‘हेरोब्राइन काढून टाकला’ असं लिहीत गेले, आणि भक्तांनी तोच पुरावा मानला. होता म्हणून तर काढला ना! आपल्याकडच्या वडावरच्या मुंज्याचा कारभार याहून वेगळा नाही. फरक इतकाच की इथे प्रत्येक प्राण्याची यादी फाइल उघडून वाचता येते.

एवढं होईपर्यंत भाचाही पोर्टलमधून बाहेर आला होता. गास्ट समोरच्या गवताळ माळावर उंच, निवांत तरंगत होता, एकही गोळा न टाकता. मघाचं वैर दाखल्यावर नव्हतं. आणि गास्ट नवं सावज धरतो ते उंचीतला फरक चार ठोकळ्यांच्या आत असेल तरच. तो भाच्याच्या खूप वर होता. गंमत अशी की त्याचाच गोळा टोलवून त्याला मारायचं भाच्याने ठरवलं होतं, आणि आता गोळाच येईना.

तेवढ्यात त्या धुडाच्या डोक्यावरची अक्षरं मला दिसली. वाटेत नाहीसा होऊ नये म्हणून भाच्याने नेदरमध्येच गास्टला नेम टॅग, म्हणजे नावाची चिठ्ठी, लावला होता, आणि नाव यादीत असतं. ‘मामा’, स्वच्छ देवनागरीत.

“दुसरं काही सुचलं नाही तेव्हा,” असं पुटपुटून तो गास्टच्या उंचीला पोचण्यासाठी टेकडी चढायला लागला.