खुलासा: 'द अवेकनिंग'वर बंदी आली नव्हती

अमेरिकन लेखिका केट शोपॅन यांची 'द अवेकनिंग' ही कादंबरी १८९९ साली आली. लग्नाबाहेर प्रेम आणि स्वातंत्र्य शोधणाऱ्या विवाहित स्त्रीची ती गोष्ट. तिच्याविषयीची दंतकथा अशी: शोपॅन यांच्या सेंट लुईस शहरातल्या ग्रंथालयांनी ती कपाटातून काढून टाकली, बदनामीने खचलेल्या लेखिकेने लेखणीच खाली ठेवली. स्त्री-साहित्याच्या संकलनांमधल्या प्रस्तावनांतूनही ही कथा अनेक वर्षे फिरत राहिली.

बंदीचा पुरावा मात्र कुणालाच सापडलेला नाही. शोपॅन यांच्या चरित्रकार एमिली टॉथ यांनी या आख्यायिकेचा माग काढला, आणि ग्रंथालयांनी ही कादंबरी घेतली होती असेच त्यांना आढळले. टीका मात्र खरी आणि कडवट होती. पुढे कादंबरीकार म्हणून गाजलेल्या, तेव्हा तरुण असलेल्या विला कॅथर यांनी शैलीला दाद दिली, पण असा विषय निवडल्याबद्दल नाराजीही नोंदवली. पुढच्याच वर्षी प्रकाशकाने शोपॅन यांचा तिसरा कथासंग्रह परत केला. हा घाव माझ्या मते बंदीपेक्षा खोल होता, कारण तो संग्रह त्यांच्या हयातीत निघालाच नाही. तरीही त्या लिहीत राहिल्या. १९०२ मध्ये त्यांची 'पॉली' ही कथा छापून आली. १९०४ मध्ये त्यांचे निधन झाले.

मग विस्मृती का आली? पुस्तक बाजारात उरले नाही, आणि अमेरिकन साहित्याच्या अभ्यासक्रमांत शोपॅन असल्याच तर लुइझियाना या अमेरिकन राज्याच्या प्रादेशिक कथाकार म्हणून. १९६९ मध्ये पेर सेयरस्टेड या नॉर्वेजियन अभ्यासकाने त्यांचे समग्र साहित्य संपादित केले, तेव्हा १८९८ साली लिहिलेली 'द स्टॉर्म' ही कथा पहिल्यांदा वाचकांसमोर आली. १९८५ मध्ये सँड्रा गिल्बर्ट आणि सुझन गुबर या स्त्रीवादी समीक्षकांनी नॉर्टन प्रकाशनाच्या स्त्री-साहित्य संकलनात 'द अवेकनिंग' संपूर्ण घेतली.