उत्पत्तीच्या दोन कथा: उगम शोधणारा वाचक आणि वीण बघणारा वाचक

मराठी बायबल हाताशी असेल तर एक छोटा खेळ करून बघा. पहिलं पुस्तक 'उत्पत्ती' उघडा, पेन्सिल घ्या आणि पहिल्या तीन अध्यायांत देवाला कोणत्या नावानं संबोधलंय तेवढ्यालाच खुणा करा. पहिल्या अध्यायात सगळीकडे नुसतं 'देव'. दुसऱ्या अध्यायाच्या तिसऱ्या वचनापर्यंत तेच. चौथ्या वचनात एकदम 'परमेश्वर देव' येतो आणि पुढे मुक्काम ठोकतो. हिब्रूत आधी 'एलोहीम' आहे, नंतर 'यहवे एलोहीम'. भाषांतरकारांनी हा फरक इमानानं जपलाय, म्हणून हिब्रूचं एक अक्षर न येताही तो डोळ्यांत भरतो.

नावाबरोबर गोष्टही पालटते. आधीच्या कथेत सगळीकडे पाणीच पाणी आहे. प्रकाश, घुमट, कोरडी जमीन आणि वनस्पती, सूर्य-चंद्र, मासे-पाखरं, जनावरं असं करत सहाव्या दिवशी माणूस येतो, स्त्री-पुरुष एकदमच. सातव्या दिवशी विसावा. नंतरच्या कथेत सुरुवातीला जमीन कोरडी ठणठणीत, पाऊस नाही, झुडूप नाही. देव मातीचा माणूस घडवतो, मग बाग लावतो, माणूस एकटा आहे म्हणून प्राणी घडवून त्याच्यापुढे आणतो, आणि त्यातलं कुणीच जोडीला पुरेसं नाही म्हटल्यावर त्याच्या बरगडीतून स्त्री. दिवसांची मोजदाद नाही. झाडं आधी की माणूस, प्राणी आधी की माणूस, दोन्ही प्रश्नांना दोन उत्तरं.

ही भेग सगळ्यांना दिसते. घोटाळा होतो तो पुढे, कारण तिच्याकडे बघणाऱ्या दोन अगदी वेगळ्या अभ्यासपद्धतींना एकाच नावानं ओळखलं गेलंय. एकोणिसाव्या शतकातले जर्मन विद्वान आपल्या कामाला 'लिटरारक्रिटीक', म्हणजे शब्दशः साहित्यचिकित्सा म्हणत. त्यांचा अर्थ होता: हा मजकूर कोणकोणत्या जुन्या लेखनातून जुळवला गेला ते सोडवून दाखवणं. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात जे लोक बायबलची 'साहित्यिक' समीक्षा करू लागले त्यांचा अर्थ जवळजवळ उलटा होता: मजकूर आज जसा समोर आहे तसाच घ्यायचा आणि तो वाचकावर काय करतो ते बघायचं. पहिलीला इथे स्रोतचिकित्सा म्हणू, दुसरीला कथनसमीक्षा.

आपल्याकडे यात आणखी एक गुंता होतो. 'चिकित्सा' म्हटलं की मराठी वाचकाला पुण्याच्या भांडारकर संस्थेची महाभारताची चिकित्सक आवृत्ती आठवते, आणि वाटतं की उत्पत्तीच्या बाबतीतही असंच काही झालं असेल: पोथ्या गोळा केल्या, पाठ ताडून पाहिले, मागाहून घुसलेलं बाजूला काढलं. ते काम वेगळं, ती पाठचिकित्सा. महाभारताच्या संपादकांपुढे पोथ्याच एकमेकींशी भांडत होत्या, एकीत श्लोक आहे, दुसरीत नाही. उत्पत्तीचं तसं नाही. पहिली कथा आहे पण दुसरी नाही, अशी एकही जुनी प्रत सापडलेली नाही. सगळ्या प्रतींत दोन्ही कथा त्याच क्रमानं शेजारी बसलेल्या आहेत. म्हणजे स्रोतचिकित्सकाकडे पुरावा असतो तो फक्त मजकुराच्या पोटातला: नावं, शब्दांची ठेवण, विसंगती. त्याची ताकद तीच आणि दुबळेपणाही तोच.

या पद्धतीचा आरंभ एका डॉक्टरनं केला, हे मला नेहमी गमतीचं वाटतं. आपल्या भाषेत वैद्याच्याही कामाला चिकित्साच म्हणतात. जाँ आस्त्र्युक हा फ्रान्सच्या पंधराव्या लुईचा वैद्य, गुप्तरोगांवरच्या ग्रंथासाठी प्रसिद्ध. 1753 साली त्यानं नाव न घालता एक पुस्तक छापलं. त्यात उत्पत्तीचा मजकूर रकाने पाडून मांडला होता: 'एलोहीम' म्हणणारे भाग एका रकान्यात, 'यहवे' म्हणणारे दुसऱ्यात, उरलेले तुकडे आणखी बाजूला. (जर्मनीतल्या हिल्डेसहाइमच्या विटर नावाच्या पाद्र्याला 1711 मध्येच नावांचा हा फरक जाणवला होता, पण त्याच्याकडे कुणी लक्ष दिलं नाही.) आस्त्र्युकचा हेतू मात्र पुढच्या कीर्तीशी अजिबात जुळत नाही. परंपरेनं बायबलची पहिली पाच पुस्तकं मोशे या संदेष्ट्यानं लिहिली असं मानलं जातं, आणि आस्त्र्युकला मोशेचं हे लेखकपण वाचवायचं होतं. तत्त्वज्ञ स्पिनोझानं 1670 मध्ये म्हटलं होतं की ही पुस्तकं मोशेनं लिहिलेली असणं शक्य नाही. आस्त्र्युकचं उत्तर असं: पुनरुक्ती आणि विसंगती आहेत हे कबूल, पण त्या एवढ्यासाठी आहेत की मोशेनं आपल्या आधीचे जुने दस्तऐवज समोर ठेवून लिहिलं. औषध दिलं एका दुखण्यावर, गुण आला भलत्याच.

पुढच्या सव्वाशे वर्षांत जर्मनीत ही पद्धत धारदार झाली आणि 1878 मध्ये यूलियस वेलहाउझेननं तिला इतिहासाची चौकट दिली. नुसते धागे वेगळे करून तो थांबला नाही, त्यांना काळ लावला. त्याच्या मांडणीत मातीचा माणूस, बाग, साप ही कथा इस्राएलच्या राजेशाहीच्या काळातली, जुनी. सहा दिवसांची कथा पुरोहित परंपरेची, म्हणजे ज्यूंना पकडून बाबेलला (बाबिलोनला) नेलं त्या बंदिवासातली बहुधा, किंवा त्यानंतरची, इसवी सनापूर्वी सहाव्या शतकाच्या आसपासची. ग्रंथात आधी येणारी कथा काळानं नंतरची! मंदिर पडलं, देश गेला, अशा लोकांना जागेवर अवलंबून नसलेलं काहीतरी पवित्र हवं होतं, आणि ते काळात सापडलं: सातवा दिवस. या दिवसाची चिवट ताकद कोकणानंही पाहिलीय. रायगडच्या किनाऱ्यावरचे मराठी बोलणारे बेने इस्राएल ज्यू तेलाच्या घाण्यावर काम करत आणि शनिवारी घाणा बंद ठेवत. शेजाऱ्यांनी त्यांना नावच दिलं 'शनवार तेली'.

वेलहाउझेननं 1882 मध्ये ग्राइफ्सवाल्ड विद्यापीठातलं धर्मशास्त्राचं प्राध्यापकपद सोडलं. विद्यार्थ्यांना चर्चमधल्या सेवेसाठी तयार करणं आपल्याच्यानं होत नाही, अशी त्याची भावना होती. आजचे अभ्यासक त्याची सगळी चौकट स्वीकारत नाहीत. बागेच्या कथेमागचा सलग जुना ग्रंथ खरंच होता का, यावर 1970 च्या दशकापासून जोरदार वाद आहे. सहा दिवसांची कथा पुरोहित परंपरेची, यावर मात्र बरीच सहमती टिकून आहे.

हेरमान गुंकेलचं नाव इथे घ्यायला हवं, पण थोडक्यात. निनवेच्या उत्खननातल्या मातीच्या पाट्यांवरून जॉर्ज स्मिथनं 1876 मध्ये बाबिलोनी सृष्टिकथा लोकांपुढे आणली, आणि 1895 मध्ये गुंकेलनं विचारलं की लेखी स्रोतांच्याही मागे काय होतं? तोंडोतोंडी चालत आलेल्या कथा, समुद्ररूपी अराजकाशी देवाची झुंज. त्याची पद्धत स्रोतचिकित्सेची पुढची पायरी. तोंड तिचंही मागेच वळलेलं.

दुसऱ्या पद्धतीचं तोंड मजकुराकडे आहे. जर्मन साहित्य-अभ्यासक एरिश आउअरबाखनं इस्तंबूलमध्ये परागंदा असताना होमरच्या आणि उत्पत्तीच्या कथनाची तुलना केली, आणि 1981 मध्ये रॉबर्ट ऑल्टरनं हिब्रू कथनकलेवर पुस्तक लिहून ही वाट रुळवली. मला मात्र या बाजूचा सगळ्यात चुरशीचा माणूस उंबेर्तो कासुतो वाटतो. मूळचा फ्लोरेन्सचा रब्बी म्हणजे ज्यू धर्मगुरू, नंतर जेरुसलेमच्या हिब्रू विद्यापीठात प्राध्यापक. त्याला स्रोतांचा सिद्धांतच मान्य नव्हता, आणि तो मोडून काढायला तो चक्क मोजत बसला. पहिल्या वचनात हिब्रू शब्द 7. दुसऱ्यात 14. पहिल्या कथेत 'चांगले आहे' हा शेरा 7 वेळा. 'एलोहीम' 35 वेळा, 'एरेत्स' म्हणजे पृथ्वी 21 वेळा. सगळे साताचे पाढे. इतकी घट्ट वीण असलेला मजकूर म्हणजे कात्रणं डकवून केलेली वही नव्हे, असं त्याचं म्हणणं.

पटण्यासारखं आहे. पण जरा थांबून हे आकडे कुठपासून कुठपर्यंत मोजलेत ते बघा. पहिल्या अध्यायाच्या सुरुवातीपासून दुसऱ्या अध्यायाच्या तिसऱ्या वचनापर्यंत. अध्यायांची विभागणी मध्ययुगात, तेराव्या शतकात झाली आणि तिनं सातवा दिवस पुढच्या अध्यायात ढकलला. कासुतोनं ती बाजूला सारली, ते योग्यच. पण चौथं वचन धरलं की 'पृथ्वी'ची संख्या 21 राहत नाही, पाढा मोडतो. म्हणजे स्रोत नाकारणाऱ्या माणसाच्या मोजणीनंच कथेची कड दाखवून दिली, आणि ती कड स्रोतचिकित्सकांच्या रेषेला जवळजवळ खेटून आहे. घट्ट वीण आहे, पण ती एका तुकड्याची. त्यावरून दोन्ही कथा एकाच हातच्या असं निघत नाही, आणि इथे मी वेलहाउझेनच्या बाजूला झुकतो.

चौथं वचन जवळून बघण्यासारखं आहे, कारण दोन्ही पद्धती खऱ्या अर्थानं भिडतात त्या तिथेच. हिब्रू शब्दांच्या क्रमानं त्याचा सांगाडा असा: आकाश, पृथ्वी, त्यांचं निर्माण होणं; परमेश्वर देवानं करणं, पृथ्वी, आकाश. स्रोतचिकित्सक याचे मधोमध दोन तुकडे करतो. पहिल्या अर्ध्यात 'बारा' हे क्रियापद आहे, देवाच्या निर्मितीसाठीच वापरलं जाणारं, पहिल्या कथेचं खास. दुसऱ्या अर्ध्यात साधं 'करणं' आणि नवं नाव. सांधा इथेच. कथनसमीक्षक म्हणतो, अहो, हे तर आरशातलं प्रतिबिंब आहे! आकाश-पृथ्वी, मग पृथ्वी-आकाश. पहिली कथा वरून खाली बघते, दुसरी खालून वर, आणि हे वचन दोघींमधला उंबरठा. मधोमध कापलंत तर आरसाच फुटेल.

स्रोतवाल्यांची इथे एक अडचणही आहे. 'ही अमुकाची वंशावळ' या अर्थाचं जे सूत्र या वचनाच्या सुरुवातीला येतं, ते उत्पत्तीत पुढे प्रत्येक ठिकाणी मागून येणाऱ्या मजकुराचं शीर्षक असतं. इथेही तसंच धरलं, तर पुरोहित परंपरेचं शीर्षक बागेच्या कथेच्या डोक्यावर बसतं. मला यातून सुटायला एकच वाट दिसते: दोन कथा शेजारी ठेवणाऱ्या संपादकानं हे वचन जाणूनबुजून विणलं असावं. तसं असेल तर सांधाही खरा आणि आरसाही खरा. संपादक म्हणजे गोंदाची बाटली घेऊन बसलेला कारकून, ही जुनी समजूत तेवढी सोडावी लागते.

हा संपादक काय करत होता, याचं एक उत्तर दोन्ही पद्धतींच्या कितीतरी आधी रब्बींनी दिलंय. त्यांच्या लेखी 'एलोहीम' म्हणजे देवाचा न्याय आणि 'यहवे' म्हणजे त्याची दया. एका मिद्राशात, म्हणजे रब्बींच्या बायबलवरच्या भाष्यात, राजाची गोष्ट आहे. त्याच्याकडे नाजूक पेले असतात. तो म्हणतो, यात कढत पाणी ओतलं तर फुटतील, गार ओतलं तर आकसतील. म्हणून दोन्ही मिसळून ओततो. तसं देवानं नुसत्या दयेनं जग केलं असतं तर पापं माजली असती, नुसत्या न्यायानं केलं असतं तर ते टिकलंच नसतं. रब्बींनी भेग बुजवली नाही, तिला अर्थ दिला. ही प्रवृत्ती कथनसमीक्षेची, फक्त त्यांच्या मते लेखक एकच.

गोंधळ होतो तो एका प्रश्नाचं उत्तर दुसऱ्याला चिकटवल्यावर. कथा सुंदर गुंफलीय, म्हणून तिला स्रोत नसणार, असं म्हणणारे भक्तमंडळींत भेटतात. स्रोत दोन आहेत, म्हणून शेजारी ठेवण्यात काही अर्थ नाही, असं म्हणणारे नास्तिक मित्रांत. खरं तर मजकूर कुठून आला हे कळल्यानं तो काय करतो हे आपोआप कळत नाही. 'आदाम' हा माणूस 'अदामा'पासून, म्हणजे मातीपासून होतो, हा हिब्रू श्लेष कुठल्या शतकातला का असेना, कानाला लागतोच.

आता पेन्सिल पुन्हा उचला आणि तिसऱ्या अध्यायाच्या सुरुवातीला या. दुसऱ्या अध्यायाच्या चौथ्या वचनापासून तिसऱ्याच्या शेवटापर्यंत 'यहवे एलोहीम' हे जोडनाव 20 वेळा येतं. मोशेच्या पाच पुस्तकांत याबाहेर फक्त एकदा. पण मध्येच चार-पाच वचनं अशी आहेत जिथे ते गळून पडतं. साप बोलायला लागतो आणि म्हणतो नुसतं 'देव'. नाव बदललं म्हणजे स्रोत बदलला हा नियम इथे लावून बघा: संवादाच्या मधोमध लेखक बदलला असं म्हणावं लागेल. तसं सहसा कुणी म्हणत नाही. कट्टर स्रोतचिकित्सकही इथे दुसऱ्याचं हत्यार उसनं घेतो आणि म्हणतो, लेखकाला ते पवित्र नाव सापाच्या तोंडी द्यायचं नव्हतं. मराठी बायबलातही हे लख्ख दिसतं. निवेदक 'परमेश्वर देव' म्हणतो, साप 'देव' म्हणतो, आणि बाई उत्तर देते तेव्हा तिच्या तोंडी निवेदकाचं नाव येत नाही, सापाचं येतं.