मार्शल लॉ (सोलापूर, १९३०)

सविनय कायदेभंगाच्या काळात १२ मे १९३० पासून जूनअखेरीपर्यंत सोलापूर शहरावर असलेली लष्करी राजवट. मराठी, तेलुगू, कन्नड, उर्दू अशा चार भाषांच्या या गिरणगावात तिला 'मार्शल लॉ' असेच म्हणतात; 'लष्करी कायदा' फक्त पुस्तकात.

गांधीजींच्या अटकेनंतर शहर तापलेच होते. ८ मे रोजी रूपाभवानी परिसरात शिंदीची झाडे तोडण्यावरून संघर्ष होऊन गोळीबार झाला आणि शंकर शिवदारे हा तरुण मारला गेला. संतापलेल्या जमावाने मंगळवार पेठेची पोलीस चौकी आणि कोर्ट पेटवले. दोन पोलीस ठार झाले. पोलीस रस्त्यावरून दिसेनासे झाले. लष्कराचा अंमल बसेपर्यंतच्या दिवसांत काँग्रेसचे स्वयंसेवक चौकाचौकांत उभे राहून वाहतूक सांभाळत होते. हेही पुढे गुन्ह्यात धरले गेले.

लष्कराच्या हाती शहर गेल्यावर धाक बसला तो सगळ्यांत साध्या गोष्टींवर. तिरंगा बाळगला की तुरुंग. गांधी टोपी दिसली की सैनिक ती उतरवायला लावत. माणसाच्या मनात काय आहे हे कळायला वेळ लागतो, डोक्यावर काय आहे ते लांबूनच दिसते. साळ्याचा, गिरणी कामगाराचा, भाजीवाल्याचा राजकारणाशी संबंध असो वा नसो, घराबाहेर पडताना टोपीचा विचार करणे भाग होते. १९१९ च्या पंजाबातल्या मार्शल लॉची आठवणही तेव्हा फार जुनी नव्हती.

'सर्वंकष सत्ता' हा शब्द मात्र इथे जपून वापरावा. तशी सत्ता वर्षानुवर्षे घरात शिरते, शेजाऱ्याला खबऱ्या करते. सोलापुरातली राजवट सुमारे सात आठवड्यांची होती आणि तिने दिलेल्या शिक्षेला मुंबई उच्च न्यायालयात आव्हान देण्याची वाट उरली होती. ती वाट सगळ्यांना तारक ठरली नाही, हा भाग वेगळा.

पोलिसांच्या खुनाच्या खटल्यात मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन यांना फाशीची शिक्षा झाली. १२ जानेवारी १९३१ रोजी, सिद्धेश्वराची गड्ड्याची यात्रा तोंडावर असताना, येरवड्यात ती अमलात आली. शहरातल्या चार पुतळ्यांचा चौक त्यांचाच. पुण्याला जाणारी सकाळची गाडीही त्यांच्याच नावाची, 'हुतात्मा एक्स्प्रेस'. सोलापूरकर नुसते 'हुतात्मा' म्हणतात.